काळी पडलेली बाटली

मी सूक्ष्मजीवशास्त्र शिकवते असं सांगितलं की समोरच्या माणसाचा पहिला प्रश्न ठरलेला असतो. "म्हणजे ते जंतूबिंतू ना?" विचारताना त्याची नजर हळूच माझ्या हातांकडे जाते. पंचवीस वर्षांत याची सवय झालीय. दुसरा प्रश्न पाणीपुरीचा. (खाते. आवडीने खाते. पुढे बोला.)

लोकांना तरी काय म्हणायचं? ‘जंतू’ हा शब्दच आपल्याकडे बदनाम. पाण्यातले जंतू म्हटलं की जुलाब, कावीळ, टायफॉइड, एवढंच डोळ्यांसमोर येतं. पण नदीच्या किंवा तळ्याच्या साध्या एक मिलिलिटर पाण्यात, म्हणजे जेमतेम वीस थेंबांत, ढोबळमानाने दहा लाख बॅक्टेरिया असतात. त्यांतल्या बहुतेकांना तुमच्या-माझ्या पोटाशी काही देणंघेणं नसतं. पडलेली पानं कुजव, मेलेला मासा जिरव, असा त्यांचा आपला संसार चालू असतो. आणि तो करता करता या पाण्याचं काय चाललंय हेही ते सांगत असतात. आज लिहायचंय ते या सांगण्याबद्दल.

आता तुम्ही म्हणाल, पाण्याचं काय चाललंय हे सांगायला मासे आहेत की. आहेत, पण मासा उशिरा सांगतो. तो मरून तरंगायला लागतो तेव्हा व्हायचं ते होऊन गेलेलं असतं. बॅक्टेरियाची पिढी तासा-दोन तासांत बदलू शकते. पाण्यात सांडपाणी आलं, की ते खाणाऱ्यांची चंगळ होते आणि त्यांची संख्या भराभर वाढते. खाताना ते पाण्यातला ऑक्सिजन वापरतात. ऑक्सिजन संपला की ही मंडळी मागे पडतात आणि ऑक्सिजनवाचून जगणारी दुसरी पुढे येतात. त्यांतली काही सल्फेट वापरतात आणि हायड्रोजन सल्फाइड सोडतात. सडक्या अंड्याचा वास येतो तो याच वायूचा. मी पुण्यात शिकत होते तेव्हा एप्रिल-मे महिन्यात संगम पुलावरून जाताना सायकलवर एका हाताने नाक धरावं लागायचं. तो वास म्हणजे नदीत ऑक्सिजन संपल्याची बातमी होती आणि ती आम्हाला बॅक्टेरिया देत होते. काठचा चिखल काळा का, तर त्याच वायूची लोखंडाशी गाठ पडून आयर्न सल्फाइड तयार होतं, ते काळं असतं. हा काळा रंग लक्षात ठेवा, पुढे पुन्हा येणार आहे.

नदी अशी नाकाला तरी सांगते. खरी पंचाईत असते ती स्वच्छ दिसणाऱ्या पाण्याची. नितळ, थंडगार, चवीला गोड. त्यात काही आहे की नाही हे ओळखायचं कसं?

१८८४ साली रॉबर्ट कॉख कलकत्त्यात होता. कॉलऱ्याचा जंतू त्याला तिथल्या एका तळ्याच्या पाण्यात सापडला. त्या तळ्याकाठच्या वस्तीत कॉलरा पसरलेला होता आणि लोक तेच पाणी वापरत होते. गुन्हेगार जागेवर पकडला म्हणा ना! पण रोज रोज असं जमणार कसं? रोग पसरवणारे जंतू डझनावारी प्रकारचे. पाण्यात ते अगदी थोडे असतात, आज असतात, उद्या नसतात. प्रत्येकाला शोधायची रीत वेगळी. शिवाय ते सापडेपर्यंत गावाने पाणी पिऊन टाकलेलं असतं.

यातून एक फार शहाणी युक्ती निघाली. गुन्हेगार शोधायचा नाही, साक्षीदार शोधायचा. १८८५ साली थिओडोर एशेरिश या जर्मन बालरोगतज्ज्ञाने तान्ह्या बाळांच्या शीमध्ये राहणाऱ्या एका बॅक्टेरियाचं वर्णन केलं. त्याचं नाव पुढे एशेरिशिया कोलाय पडलं, तोच आपला ई. कोलाय. माणसांच्या आणि इतर उष्ण रक्ताच्या प्राण्यांच्या आतड्यात तो कायम वस्तीला असतो. ग्रॅमभर मैल्यात कोट्यवधी. बहुतेक जाती निरुपद्रवी. मग तो पाण्यात सापडला तर त्याचा अर्थ काय? दारात अनोळखी चपला दिसल्या की घरात कोणीतरी आलंय हे बेल न वाजवता कळतं, तसंच हे. चपला काही करत नाहीत. पण ई. कोलाय आला त्या वाटेने टायफॉइडही येऊ शकतो, कावीळही येऊ शकते. वाट उघडी आहे, एवढं तो सांगतो. पिण्याच्या पाण्यासाठीचं भारतीय मानकही म्हणूनच कडक आहे. १०० मिलिलिटर पाण्यात ई. कोलाय एकही सापडता कामा नये. थोडासा चालेल, अशी सवलत नाही.

कॉलेजात हे प्रॅक्टिकल मी दर वर्षी घेते आणि मला अजून त्याचा कंटाळा आलेला नाही. जांभळ्या रंगाचा मॅकॉन्की ब्रॉथ भरलेल्या परीक्षानळ्या. प्रत्येक नळीत आणखी एक छोटीशी नळी उलटी बुडवलेली, तिला डरहॅम ट्यूब म्हणतात. एका ओळीत १० मिलिलिटर पाणी घालायचं, दुसरीत १, तिसरीत ०.१. मग ३७ अंशाच्या इनक्युबेटरमध्ये ठेवून घरी जायचं. दुसऱ्या दिवशी पोरं धावत येतात. ज्या नळ्यांत आतड्यातल्या बॅक्टेरियांच्या कुळातलं कोणी असतं, तिथे जांभळ्याचं पिवळं झालेलं असतं आणि उलट्या नळीच्या टोकाशी वायूचा बुडबुडा अडकलेला असतो. किती नळ्यांत बुडबुडा आला ते मोजून तक्त्यात बघायचं, की १०० मिलिलिटरमध्ये ते साधारण किती असावेत हे कळतं. ‘सर्वाधिक संभाव्य संख्या’ असं त्याचं भारदस्त नाव. मग त्यातलं थोडं ईएमबी अगारच्या थाळीवर ओढायचं. ई. कोलाय असेल तर दुसऱ्या दिवशी त्याच्या वसाहतींवर सोनकिड्याच्या पाठीसारखी हिरवी झळाळी येते. इतकी सुंदर, की ती कशातून आली आहे हे मुलं क्षणभर विसरतात.

पण हे झालं प्रयोगशाळेत. ऑटोक्लेव्ह हवा, इनक्युबेटर हवा, वीज हवी (आणि ती टिकायला हवी). वाडीवस्तीवर यातलं काय असतं?

त्यावरचा उपाय आपल्याच देशात निघाला, आणि तो मला फार आवडतो. १९८२ साली ग्वाल्हेरच्या संरक्षण संशोधन संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी एक साधी चाचणी प्रसिद्ध केली. एका छोट्या बाटलीत कागदाची घडी. तिच्यात पेप्टोन, सोडियम थायोसल्फेट, लोखंडाचा एक क्षार आणि थोडा साबणासारखा द्रव शोषून वाळवलेला. बाटलीत खुणेपर्यंत पाणी भरायचं, झाकण लावायचं आणि कपाटात ठेवून द्यायची. पाण्यात मैला मिसळला असेल तर त्यासोबत आलेले काही बॅक्टेरिया हायड्रोजन सल्फाइड तयार करतात आणि एक-दोन दिवसांत बाटली काळी पडते. नदीकाठच्या चिखलाचा काळा रंग तोच हा. गंमत म्हणजे ई. कोलाय स्वतः सहसा हा वायू सोडत नाही, सोडतात ते त्याचे आतड्यातले शेजारी. साक्षीदार वेगळे, साक्ष तीच. ही चाचणी अंतिम निकाल देत नाही. काही ठिकाणी जमिनीतल्या पाण्यात मुळातच सल्फाइड असतं, तिथे ती फसते. पण ज्याला वाचता येत नाही त्यालाही हिचा निकाल कळतो. काळी म्हणजे उकळल्याशिवाय पिऊ नका.

आमच्या प्रयोगशाळेत आम्ही या बाटल्या स्वतःच बनवतो. सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी माझं कॉलेज आहे. मुलं आजूबाजूच्या वाड्यांतून येतात. पहिले दोन-तीन मोठे पाऊस झाले, की प्रत्येकाने आपल्या घरचं पिण्याचं पाणी आणायचं असा रिवाज आहे. त्या दिवसात मुद्दाम, कारण उन्हाळाभर जमिनीवर साठलेलं सगळं तेव्हा पाण्यासोबत खाली उतरतं.

तीन-चार वर्षांपूर्वी एका मुलीची बाटली रात्रीतून काळीकुट्ट झाली. मुलगी हुशार, अबोल, पहिल्या बाकावर बसणारी. तिने लेबल पुन्हा पुन्हा वाचलं. "मॅडम, ही आमची नसेल. आमच्या विहिरीचं पाणी गोड आहे. लग्नकार्याला लोक आमच्याकडनं पाणी नेतात." आम्ही पुन्हा पाणी आणवलं, नळ्यांचं प्रॅक्टिकलही केलं. बुडबुडे आले. थाळीवर हिरवी झळाळी आली. त्या वेळी वर्गात ती कोणालाच सुंदर वाटली नाही.

त्यानंतर आठवडाभर ती घरी काही बोललीच नाही. हे मला मैत्रिणीकडून कळलं. तिला विचारलं तर म्हणाली, "कसं सांगू मॅडम? आजी रडेल."

ऐकायला साधं वाक्य, पण माझ्या सगळ्या विषयाची गाठ तिथेच आहे. पाण्यात क्षार जास्त आहेत हे सांगणं सोपं. लोक म्हणतात, हो का, भांड्याला पांढरं बसतं खरं. पण तुमच्या विहिरीत मैला उतरतोय हे कोणत्या शब्दांत सांगायचं? विहीर म्हणजे काय नुसता पाण्याचा खड्डा असतो? नवी नवरी तिची पूजा करते. दिवाळीत तिथे पणती लागते. अहवालात आम्ही ‘विष्ठाजन्य प्रदूषण आढळले’ असं लिहितो आणि सही करतो. घरात उभं राहून ते वाक्य म्हणून बघा.

शेवटी तिच्या वडिलांनीच मला घरी बोलावलं. रविवारी गेले. चहा झाला. आजी समोरच बसल्या होत्या, पाठ ताठ. मी काही बोलायच्या आत त्यांनीच सुरुवात केली. "बाई, बहात्तरच्या दुष्काळात सगळ्या आळीला या विहिरीनं जगवलंय. तळ दिसला नाही तिचा. आणि आता ही पोरगी तिला घाण म्हणती."

मी म्हटलं, "आजी, विहीर चांगलीच आहे. तिच्याकडे येणारी एक वाट बिघडलीय. ती कुठली ते आपण शोधू."

मग आम्ही सगळे विहिरीभोवती हिंडलो. वडिलांनी दोरी आणली, अंतरं मोजली. कठडा चांगला, आत कपडे धुणं नाही, सगळं शिस्तीत. वरच्या अंगाला मात्र काही वर्षांपूर्वी बांधलेला संडास होता, त्याचा शोषखड्डा चढावर. संडास बांधला तो चांगल्यासाठीच. गावाने हट्टाने हागणदारी बंद केली होती, आणि ते योग्यच होतं. शोषखड्डा विहिरीपासून लांब हवा हे गवंड्यालाही ठाऊक होतं, त्याने अंतर सोडलंही होतं. पण आपल्याकडची जमीन म्हणजे वर हातभर माती, मग मुरूम आणि खाली काळा बसाल्ट. हा दगड दिसतो अखंड, पण त्यात भेगा असतात. मातीतून पाणी झिरपलं तर वाटेत गाळलं जातं, पुष्कळ जंतू अडकून मरतात. भेगेतून ते गाळलं न जाता सरळ येतं. कागदावरचं पुरेसं अंतर अशा दगडात पुरत नाही. उताराच्या दुसऱ्या अंगाला गोठा आणि उकिरडा होता, तोही संशयित. ई. कोलाय गाईच्या आतड्यातही असतोच, माणसाचा आणि गाईचा वेगळा ओळखणं आमच्या नळ्यांना जमत नाही. मोठ्या प्रयोगशाळांत बॅक्टेरॉइड्स नावाच्या आतड्यातल्याच दुसऱ्या बॅक्टेरियाची जनुकं तपासून, मैला माणसाचा की जनावराचा याचा माग काढता येतो. आमच्याकडे दोरी होती.

आजी सगळं ऐकत होत्या. शेवटी म्हणाल्या, "म्हणजे विहिरीला बाधा झालीय म्हणा की."

इतकी वर्षं मी ‘प्रदूषण’, ‘संदूषण’, ‘दूषितीकरण’ असले शब्द फळ्यावर लिहीत आलेय. ‘बाधा’ हा शब्द मला सुचला नव्हता. विहिरीवर बाहेरून काहीतरी आलंय, ते उतरवता येतं, विहीर आपलीच राहते, हे सगळं त्यात आहे.

पुढचं सरळ आहे, सोपं नाही. वडिलांनी तो खड्डा बंद केला आणि उताराच्या खालच्या बाजूला, विहिरीपासून लांब नवा खणला. विहिरीचा उपसा झाला, गाळ काढला. ग्रामपंचायतीच्या जलसुरक्षकाने टीसीएल पावडर टाकली. नंतर ओटी टेस्ट करून पाणी पिवळं होतंय, म्हणजे क्लोरीन शिल्लक आहे, हे आळीतल्या बायकांना दाखवलं. दोन आठवड्यांनी बाटली पुन्हा काळी. दगडातल्या भेगा एका रात्रीत धुतल्या जात नाहीत. दिवाळीनंतर मात्र ती दोन दिवस ठेवूनही पाण्याच्याच रंगाची राहिली. मुलीने ती घरी नेऊन देवघराच्या फळीवर ठेवली म्हणे! पुढच्या जुलैत पुन्हा करडी झाली. मग उकिरडा हलला. आता पावसाळ्याचे तीन महिने त्यांच्याकडे पाणी उकळून पितात. टीसीएलच्या वासाने चहाची चव जाते ही तक्रार कायम आहे. आजी म्हणतात, औषध कुठं गोड असतं?

सगळ्यांच्याच विहिरींच्या नशिबी हे नसतं. दर वर्षी वीस-पंचवीस बाटल्यांतल्या निम्म्या तरी काळ्या होतात आणि त्यांतल्या बहुतेक घरांत पुढे काही होत नाही. आपल्याकडे ग्रामपंचायतींना पाण्याच्या स्रोतांच्या पाहणीवरून हिरवं, पिवळं, लाल कार्ड देण्याची पद्धत आहे. पद्धत चांगली आहे. पण कार्ड कपाटात गेलं की त्याचा रंग कोणाला दिसणार?

आता या साक्षीदारांची उलटतपासणीही करायला हवी, नाहीतर मी त्यांची वकिली करतेय असं वाटेल. उष्ण प्रदेशात ई. कोलाय ओल्या मातीत तग धरतो, वाढतोही, त्यामुळे तो सापडला म्हणजे मैला कालच पडला असं नाही. उलट बाजूही आहे. क्लोरीनने तो लवकर मरतो, पण काही विषाणू मागे उरू शकतात. १९५५ च्या अखेरीस दिल्लीत हेच झालं. नजफगड नाल्याचं सांडपाणी यमुनेत वझीराबादच्या पाणी उपसण्याच्या जागेपर्यंत पोचलं. शुद्धीकरण केंद्रात क्लोरीन वाढवला गेला, टायफॉइडसारखे रोग वाढले नाहीत, आणि तरीही सुमारे २९,००० लोकांना कावीळ झाली. ती विषाणूची होती. साक्षीदार मेला म्हणून गुन्हा घडला नाही असं होत नाही.

आणि कधी कधी साक्ष मिळते ती थेट माणसाच्या शरीरात. २०२५ च्या जानेवारीत पुण्याच्या सिंहगड रस्त्याच्या भागात, किरकटवाडी, नांदेड गाव, धायरी या बाजूला, गुलेन बारी सिंड्रोमचे रुग्ण एकामागून एक दिसू लागले. हा आजार एरवी क्वचित दिसणारा. शरीराची प्रतिकारशक्ती आपल्याच नसांवर उलटते आणि चालता माणूस काही दिवसांत अंथरुणाला खिळतो. रुग्णांची संख्या २०० च्या वर गेली. काही रुग्णांच्या नमुन्यांत कॅम्पिलोबॅक्टर जेजुनी हा बॅक्टेरिया सापडला आणि सगळ्यांच्या नजरा पाण्याकडे, तिथल्या विहिरीकडे वळल्या. त्या आठवड्यात माझा फोन सारखा वाजत होता. ज्यांनी आयुष्यात कधी पाणी तपासलं नव्हतं ते नातेवाईक विचारत होते, "ती तुझी बाटली कुठे मिळते गं?"

हे असं घाबरल्यावरच का होतं, याचा विचार करताना मला लोणार आठवतं. काही सूक्ष्मजीव अख्ख्या जगाला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने बोलतात, त्यातलं ते उदाहरण. बुलढाणा जिल्ह्यातलं हे सरोवर उल्का आदळून बसाल्टमध्ये झालेल्या विवरात आहे. पाणी खारट आणि भयंकर अल्कधर्मी. एरवी तिथे हिरवी झाक असते, ती सायनोबॅक्टेरियाची. २०२० च्या जूनमध्ये ते पाणी बघता बघता गुलाबी झालं. लॉकडाउनचे दिवस, सगळे घरात, हातात फोन. फोटो जगभर फिरले. कोणी चमत्कार म्हटलं, कोणी अपशकुन. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेतल्या तपासणीत उत्तर मिळालं, हॅलोआर्किया. काटेकोर बोलायचं तर हे बॅक्टेरिया नव्हेत, आर्किया नावाच्या वेगळ्याच घराण्यातले, पण मिठाच्या पाण्यात रमणारे आणि गुलाबी रंगद्रव्य बाळगणारे. उन्हाने पाणी आटलं, क्षार वाढले, त्यांना अनुकूल दिवस आले. ते वाढले आणि पाणी रंगलं. पुढे ते तळाशी बसले तसा रंग ओसरला. पाण्याची पातळी आणि क्षारता बदलली हे सरोवराने असं रंगवून सांगितलं. त्याच वर्षी लोणारला रामसर पाणथळीचा दर्जा मिळाला.

गुलाबी तळं सगळ्यांनी पाहिलं. वाडीतली काळी बाटली आम्ही दोघी-तिघींनी पाहिली. बोलणारे दोन्हीकडे सूक्ष्मजीवच होते.

आणि आता तर ते जे सांगू लागलेत ते जास्त गंभीर आहे. २००७ साली स्वीडिश संशोधकांनी हैदराबादजवळ पाटणचेरूला औषध कारखान्यांचं सांडपाणी घेणाऱ्या प्रक्रिया केंद्रातून बाहेर पडणारं पाणी तपासलं. त्यात सिप्रोफ्लॉक्सॅसिन हे प्रतिजैविक लिटरला ३१ मिलिग्रॅमपर्यंत निघालं. औषध घेतलेल्या रुग्णाच्या रक्तात असतं त्याहून जास्त! अशा पाण्यात राहायचं तर बॅक्टेरियाला औषध पचवायला शिकावंच लागतं. २०११ साली दिल्लीतल्या पाण्याचा अभ्यास प्रसिद्ध झाला. रस्त्याकडेला साचलेल्या पाण्याच्या १७१ नमुन्यांपैकी ५१ मध्ये आणि नळाच्या ५० पैकी २ नमुन्यांत एनडीएम-१ हे जनुक सापडलं. हे जनुक ज्याच्याकडे असतं त्या बॅक्टेरियावर अगदी राखून ठेवलेली औषधंही चालेनाशी होतात. त्या नावात दिल्ली आहे म्हणून केवढा गदारोळ झाला होता! नावावर जितकी चर्चा झाली तितकी पाण्यावर झाली असती तर बरं झालं असतं. तर पूर्वी बॅक्टेरिया सांगायचे, तुमचा मैला पाण्यात येतोय. आता ते सांगताहेत, तुमची औषधंही येताहेत आणि आम्ही ती ओळखू लागलोय.

एवढं सगळं शिकवून झालं की वर्गात कोणीतरी विचारतंच, "मॅडम, मग आम्ही काय करायचं?" माझं उत्तर फार थोर नसतं. आपल्या पाण्याची वाट चालून बघा. ते कुठून येतं, वाटेत काय काय आहे, चढावर काय आहे. शहरात राहत असाल तर सोसायटीच्या जमिनीखालच्या टाकीचं झाकण एकदा उघडून बघा, ती शेवटची कधी धुतली ते सेक्रेटरींना विचारा, आणि शेजारून ड्रेनेजची लाइन जाते का तेही. गावात असाल तर ग्रामपंचायतीत जाऊन यंदा आपल्या गावाला कुठल्या रंगाचं कार्ड मिळालं ते विचारा, ओटी टेस्ट समोर करून दाखवायला सांगा. पहिल्या पावसानंतर महिनाभर पाणी उकळा. आणि निकाल वाईट आला तर तो घरच्यांना सांगा. कसा सांगायचा असा प्रश्न पडला, तर त्या आजींचा शब्द खुशाल वापरा.

यंदाच्या बाटल्यांसाठी कागदाच्या घड्या कापून झाल्यात. पोरांनी तीस बाटल्या धुऊन उपड्या घातल्यात. पाऊस पडला की सुरू.